नाणेघाटातील मुक्काम

माझ्या पुतण्याला गोष्टींचे भारी वेड. गेल्या श्रावणात तो वेल्सची कालयंत्राची गोष्ट वाचून उठला आणि म्हणाला, "काका, अशी एखादी धर्मशाळा असेल का, की जिथे रात्री निजावे आणि सकाळी दुसऱ्याच युगात जागे व्हावे?"

"आहे की!" मी म्हणालो. "मुरबाडवरून वैशाखऱ्याला जायचे आणि तेथून पायी चढायचे."

वाचकांनी ही थट्टा समजू नये. घाटाचा पायथा आपल्या ठाणे जिल्ह्यात, माथा जुन्नरचा. रानातली पाऊलवाट संपता संपता दोन कड्यांमधली अरुंद खिंड लागते. वर नानाचा अंगठा उभा. आम्ही गेलो त्या दिवशी पश्चिमेचा वारा असा सुटला होता, की कड्यावरून खाली पडणारे पाणी तो उचलून पुन्हा माथ्यावर फेकत होता. पाणी वर चढताना पाहून चिरंजीवांची बोलती बंद झाली. जादूचा भाग येथेच उरकला. काळाचा प्रवास पुढे, गुहेत.

गुहा म्हणजे वाटसरूंचा निवारा. जवळ पाण्याची टाकी खोदलेली. कल्याण बंदरात उतरलेला माल याच वाटेने जुन्नरला व पुढे पैठणला जाई. पहिल्या शतकातील एका ग्रीक दर्यावर्दीच्या पुस्तकात कल्याण, पैठण आणि तगर, म्हणजे आपले तेर, या तिन्ही गावांची नावे आली आहेत. दोन हजार वर्षांपूर्वीचे वाणी, हमाल आणि बैल येथेच दम खात असणार.

आणि नेमक्या याच ठिकाणी, डाव्या-उजव्या भिंतींवर, सातवाहनांची राणी नागनिका हिचा ब्राह्मी लिपीतला प्राकृत लेख आहे. कर्नल साइक्स याने एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात त्याकडे विद्वानांचे लक्ष वेधले; पुढे भगवानलाल इंद्रजी आणि ब्यूलर यांनी तो वाचला. लेखात राणीचे वर्णन महिना महिना उपवास करणारी, घरात राहून तपस्विनीसारखी वागणारी असे आहे. पती सातकर्णी निवर्तला होता आणि मुलगे लहान होते, असे विद्वान मानतात. गुहेत घराण्यातील माणसांचे पुतळे कोरलेले होते. आज पावलांच्या थोड्या खुणा आणि वरची नावे तेवढी उरली आहेत: सिमुक, नागनिका व सातकर्णी, कुमार आणि महारठी त्रणकयिर. हा महारठी तिचा पिता असावा. सासरच्या राजांच्या रांगेत माहेरचा माणूस उभा करणारी ही बाई मला फार आवडते.

तिने हे देवळात का कोरले नाही? मला वाटते, देवळात माणूस डोळे मिटतो. मुक्कामावर त्याला भिंतीकडे पाहण्यावाचून दुसरे काम नसते. अनाथ होऊ पाहणाऱ्या राज्याची कीर्ती गावोगाव न्यायला वाटसरूंसारखे दूत कोठून मिळणार?

भिंतीवर अश्वमेध, राजसूय इत्यादी यज्ञ आणि त्यांची दक्षिणा नोंदली आहे. १७०० गाई, १० हत्ती, २४४०० कार्षापण! हे आकडे अंकांत लिहिले आहेत. शून्य नाही, दहा, शंभर, हजार यांना निरनिराळी चिन्हे. एक म्हणजे एक आडवी रेघ, दोन म्हणजे दोन. आपण दिवाळीचा जमाखर्च ज्या अंकांनी मांडतो, त्यांचे हे पूर्वज.

एके ठिकाणी गाई ११०१ आहेत, दुसरीकडे १०००१. पुतण्या थबकला. "काका, आपण आहेराच्या पाकिटात १०१ घालतो, तसंच हे!" तो वरचा एक आपल्याकडे येथूनच आला, असे मी म्हणणार नाही. पण त्या क्षणी दोन हजार वर्षे मध्ये उरली नाहीत, एवढे खरे.

माथ्यावर दगडी रांजण आहे. त्यात जकातीची नाणी टाकीत आणि त्यावरून घाटाला नाव पडले, असे सांगतात. लेखात दक्षिणेचा हिशेब आहे, जकातीचा नाही. म्हणून मी ती दंतकथाच समजतो. मात्र इतक्या रहदारीच्या घाटावर राजाचा माणूस हात पसरून बसला नसेल, हेही मला पटत नाही.

पुढे रहदारी आटली. उत्तरेस शहापूर तालुक्यात कसाऱ्याचा थळघाट चढून आगगाडी १८६५ साली इगतपुरीला पोहोचली. मोटारींनी शेजारचा माळशेज धरला. नाणेघाटात बैल येईनासे झाले, म्हणूनच की काय, अक्षरे जमतील तेवढी टिकली.

निघताना पुतण्याने दहा रुपयांचे नाणे रांजणात टाकले. चार पावले उतरल्यावर तो थांबला आणि हात पुढे करून म्हणाला,

"काका, वरचा एक द्या ना."