तबकडीवरचे चौथे नाव : जॉन डीकन

१/१२
पाचगणीच्या सेंट पीटर्स शाळेत शिकलेला फारोख बलसारा पुढे फ्रेडी मर्क्युरी झाला, ही कथा महाराष्ट्रात बहुतेकांना ठाऊक आहे. मात्र त्याच्या ‘क्वीन’ या बँडचे १९८० साली अमेरिकेत सलग तीन आठवडे अग्रस्थानी राहिलेले ‘अनदर वन बाइट्स द डस्ट’ हे गाणे त्याने लिहिलेले नव्हते. ते लिहिले बँडच्या बासवादकाने. हा धागा त्याच्याविषयी.

२/१२
जॉन डीकनचा जन्म १९ ऑगस्ट १९५१ रोजी इंग्लंडमधील लेस्टर शहरात झाला. शालेय वयातच वडिलांचे छत्र हरपले. चौदाव्या वर्षी तो ‘द ऑपोझिशन’ या स्थानिक बँडमध्ये गिटार वाजवू लागला. पुढे बासवादकाची जागा रिकामी झाली आणि त्याने ते वाद्य हाती घेतले. ते आयुष्यभरासाठी.

३/१२
बास गिटारचे काम काय? ड्रमचा ठेका आणि गाण्याची चाल यांना खालच्या स्वरांत सांधून ठेवणे. श्रोता गुणगुणतो गायकाची ओळ, पण पाय हलतात ते बहुधा बासमुळे. हे वाद्य चालू असताना क्वचितच लक्षात येते. थांबले की मात्र सारे पोकळ वाटते. डीकनच्या वाट्याला आलेली प्रसिद्धीही अशीच होती.

४/१२
१९६९ मध्ये तो इलेक्ट्रॉनिक्स शिकण्यासाठी लंडनच्या चेल्सी कॉलेजात दाखल झाला आणि प्रथम श्रेणीत उत्तीर्ण झाला. १९७१ च्या प्रारंभी क्वीनने त्याची निवड केली. त्याच्याआधी तीन बासवादक येऊन गेले होते. १९७३ साली पहिला अल्बम निघाला, तेव्हा त्यावर त्याचे नाव ‘डीकन जॉन’ असे उलटे छापले गेले. त्याने नापसंती दर्शवल्यावर पुढे ते सरळ झाले.

५/१२
त्याचे शिक्षण वाया गेले नाही. कचऱ्यात टाकलेले एक सर्किट त्याने उचलून आणले, स्पीकरच्या खोक्यात बसवले आणि ९ व्होल्टच्या बॅटरीवर चालणारा छोटा अ‍ॅम्प्लिफायर तयार केला. तोच ‘डीकी अ‍ॅम्प’. ‘गुड कंपनी’ या गाण्यात जुन्या जॅझ वाद्यमेळाचा भास होतो. तो ब्रायन मे याने आपल्या गिटारमधून याच अ‍ॅम्पच्या साहाय्याने निर्माण केला आहे.

६/१२
गीतकार म्हणून त्याचे पहिले गाणे ‘मिसफायर’, १९७४ सालचे. १९७५ मध्ये त्याने पत्नीसाठी ‘यू आर माय बेस्ट फ्रेंड’ लिहिले. त्यासाठी त्याला इलेक्ट्रिक पियानो हवा होता. मर्क्युरीला ते वाद्य रुचत नसे. तेव्हा डीकनने स्वतःच ते शिकून घेतले आणि ध्वनिमुद्रणात वाजवले. स्वतः मुख्य गायक नसल्यामुळे आपले शब्द त्याने नेहमीच मर्क्युरीच्या कंठी सोपवले.

७/१२
१९८० चे ते गाणे कृष्णवर्णीय अमेरिकी नृत्यसंगीताच्या ओढीतून जन्मले. ‘शीक’ या बँडचा प्रभाव त्यावर स्पष्ट आहे. बासखेरीज अन्य अनेक वाद्येही त्यात डीकनचीच. ड्रमवादक रॉजर टेलरला हा प्रकार फारसा पटला नव्हता. हे गाणे स्वतंत्रपणे प्रकाशित करा, असा आग्रह मायकल जॅक्सनने धरला. ‘रॉक म्हणजे हेच’ ही चौकट मोडण्याचे धाडस बँडमधील सर्वांत अबोल माणसाने केले होते.

८/१२
१९८४ चे ‘आय वाँट टू ब्रेक फ्री’ हेही डीकनचेच. त्याच्या चित्रफितीत चौघांनी स्त्रीवेश धारण केला. ब्रिटनमध्ये लोक हसले, अमेरिकेत नाराजी उमटली. स्तुती आणि टीका दोन्ही प्रामुख्याने मर्क्युरीच्या वाट्याला आली. आजही अनेकांना ते त्याचेच मनोगत वाटते. स्मृती गायकाचा चेहरा जपते. लेखकाचे नाव तबकडीवरच्या बारीक अक्षरांत राहून जाते.

९/१२
प्रश्न केवळ कीर्तीचा नव्हता, पैशाचाही होता. ‘बोहेमियन ऱ्हॅप्सडी’च्या तबकडीच्या मागील बाजूस टेलरचे गाणे होते. तबकडी विकली गेली की दोन्ही बाजूंच्या लेखकांना मानधन मिळे. त्यातून वाद झडत. अखेर १९८९ च्या ‘द मिरॅकल’पासून सर्व गाणी एकत्रितपणे ‘क्वीन’च्या नावावर आली. तंटा मिटला, पण कोणी काय रचले, हे सांगणारा लेखी पुरावाही तेथेच संपला.

१०/१२
पुरावा नसला की काय होते? १९८१ चे ‘अंडर प्रेशर’ पाहा. त्याची बासची धून जगप्रसिद्ध आहे; लेखक म्हणून क्वीन आणि डेव्हिड बोवी यांची नावे आहेत. साथीदारांनी धूनीचे श्रेय डीकनला दिले. बोवीने म्हटले की, आपण येण्यापूर्वीच ती तयार होती. आणि स्वतः डीकनने मुलाखतीत श्रेय दिले ते बोवीला! इतिहासात श्रेयावरून भांडणारे पुष्कळ भेटतात. ते नाकारणारा साक्षीदार विरळा.

११/१२
२४ नोव्हेंबर १९९१ रोजी मर्क्युरीचे निधन झाले. त्यानंतर डीकन मोजक्याच वेळा मंचावर दिसला. जानेवारी १९९७ मधील पॅरिसचा कार्यक्रम हा क्वीनसोबतचा त्याचा अखेरचा. मग तो निवृत्त झाला. २००१ मध्ये ‘रॉक अँड रोल हॉल ऑफ फेम’ने बँडचा सन्मान केला, तेव्हाही तो गेला नाही. मे आणि टेलर नव्या गायकांसह दौरे करत राहिले. दोन्ही निर्णय मित्रप्रेमातूनच आले असावेत. एकाने गाणे चालू ठेवले, दुसऱ्याने थांबवले.

१२/१२
डीकनने आत्मचरित्र लिहिले नाही, मुलाखती देणे थांबवले. म्हणून त्याचा इतिहास लिहिताना आठवणींपेक्षा कागदपत्रे अधिक बोलतात : अल्बमचे वेष्टन, तबकडीवरचे नाव, एक जुना अ‍ॅम्प. जो स्वतःविषयी बोलत नाही, त्याच्याबाबत अभ्यासकाची जबाबदारी वाढते. पुढच्या वेळी एखादे आवडते गाणे ऐकाल, तेव्हा गायकाच्या नावाखालची ओळही वाचा. बहुधा तेथे कोणीतरी शांतपणे उभा असतो.