बोटांच्या गाठी आणि कांडी भरणाऱ्या बायका

नागपूरच्या मोमिन विणकरांचा इतिहास आपण बहुधा 1857 पासून सांगतो. उठावानंतरच्या धामधुमीत आजच्या उत्तर प्रदेशातील आजमगड, मऊ या भागांतून विणकर कुटुंबे दक्षिणेकडे निघाली. कुणी मालेगाव-भिवंडीला थांबले, कुणी कामठीला, कुणी नागपूरच्या मोमिनपुऱ्यात. इथे कोष्टी आणि हलबा-कोष्टी यांचे हातमाग आधीपासून चालत होते. 1 जानेवारी 1877 रोजी जमशेदजी टाटांची एम्प्रेस मिल सुरू झाली. या कहाणीत माग आहे, मिल आहे, मालक आणि मजूर आहेत. घरात कांड्या भरणाऱ्या बायका मात्र नाहीत.

विणकर म्हणून नाव लागायचे ते मागावर बसणाऱ्या पुरुषाचे. पण धोट्यात भरलेली कांडी नसेल तर माग थांबतो. सूत उकलणे, तुटलेला धागा चिमटीत धरून जोडणे, कांड्या भरणे ही कामे घरातल्या बायका-मुलींची. स्वयंपाकासारखेच तेही 'घरकाम' मानले गेले.

माझ्या दादीच्या बोटांच्या शेवटच्या पेरांवर हरभऱ्याएवढ्या कडक गाठी होत्या. घरात सगळे म्हणायचे, कांड्या भरून भरून झाल्या. आता माझ्या बोटांवरही तशाच गाठी आल्या आहेत. बरणीचे झाकण फिरवताना, पिळा काढताना अंगठ्याच्या मुळाशी कळ येते. आणि मी तर कधी कांडी भरलेली नाही.

या गाठींना वैद्यकात विल्यम हेबर्डन या इंग्रज डॉक्टरचे नाव आहे. त्याच्या मृत्यूनंतर, 1802 साली छापलेल्या ग्रंथात त्याने त्यांचे वर्णन केले आणि गाउटशी त्यांचा संबंध नाही हे स्पष्ट सांगितले. त्याआधी 1700 मध्ये इटलीच्या रामाझिनीने डॉक्टरांना सुचवले होते की रोग्याला आणखी एक प्रश्न विचारा: तू काम काय करतोस?

कामाने बोटे झिजतात का? 1978 मध्ये अमेरिकेतील व्हर्जिनियाच्या एका लोकर गिरणीतील बायकांचा अभ्यास प्रसिद्ध झाला. वर्षानुवर्षे वेगवेगळे काम करणाऱ्या बायकांच्या हातांची झीजही वेगवेगळ्या सांध्यांत दिसली. चिमटीचे काम करणाऱ्यांची बोटे एका तऱ्हेने झिजली, मुठीने काम करणाऱ्यांचे हात दुसऱ्या. उलट, लंडनच्या स्पिटलफील्ड्समधील जुन्या दफनांचा अभ्यास 1989 मध्ये आला. ती विणकरांची वस्ती. तिथे विणकाम आणि हातांची झीज यांचा ठोस संबंध सापडला नाही. वय, आनुवंशिकता, पाळी थांबल्यानंतरचा काळ यांचाही वाटा असतो. म्हणजे दादीच्या गाठी तिच्या कष्टाचा पुरावा म्हणून दाखवता येणार नाहीत. कदाचित त्या तिने मला वारशात दिल्या.

म्हणूनच विचारणे महत्त्वाचे. हाडे सगळे सांगत नाहीत. मोमिनपुऱ्यात, कामठीत अजून सत्तरी ओलांडलेल्या बायका आहेत. दिवसाला किती कांड्या भरायच्या, कोणत्या वयात बसवले, मोबदला कुणाच्या हातात पडायचा, हे त्याच सांगू शकतील. कोष्टी घरांतल्या बायकांनाही हेच विचारायला हवे.

आणि त्यांच्या दुखण्याकडेही बघायला हवे. आपल्याकडे हाताचे प्रत्येक दुखणे 'गठिया' ठरते. हकीम-वैद्यांकडील सुरंजान इब्न सिनाच्या 'कानून'मध्येही सांधेदुखीसाठी येते. त्याच जातीच्या वनस्पतीतून काढलेले कोल्चिसिन गाउटवर चालते. बोटांच्या या झिजेवर त्याचा उपयोग दिसलेला नाही आणि जास्त झाले तर ते विषारी ठरते. सकाळी अर्ध्या तासाहून जास्त वेळ बोटे आखडत असतील, सांधे गरम होऊन सुजत असतील, तर तो वेगळा आजार असू शकतो; तपासणी टाळू नये. साध्या झिजेत गेलेली कूर्चा परत येत नाही, पण कोमट पाण्याचा शेक, बोटांचे हलके व्यायाम, अंगठ्याला आधारपट्टी आणि वर लावायचे वेदनाशामक जेल यांनी हात चालते राहतात.

बाईला 'वयाचं आहे' म्हणून परत पाठवू नका. तिला विचारा, या हातांनी काय काय केलं? आणि ती सांगेल ते तिच्या नावासकट लिहून ठेवा.