दिसणं आणि ओळखणं

डोळे उघडले की जग ओळखू येतं, असं आपण धरूनच चालतो. १७२८ साली लंडनचे शल्यवैद्य विल्यम चेसल्डन यांनी एका मुलाची हकीकत प्रसिद्ध केली. त्याला पाहिल्याचं काही आठवतच नव्हतं. तेराव्या वर्षाच्या सुमारास मोतीबिंदूवर शस्त्रक्रिया झाली, दिसू लागलं. पण कुत्रं कोणतं नि मांजर कोणतं, हे कळेना. सारखं विचारायची लाज वाटे. मग त्यानं मांजर धरून चाचपलं, टक लावून पाहिलं, मगच सोडलं. २०११ साली प्रसिद्ध झालेल्या संशोधनात पवन सिन्हा आणि सहकाऱ्यांना भारतातल्या, नव्यानं दृष्टी आलेल्या मुलांत असंच आढळलं. हाताला कळलेली वस्तू नजरेला लगेच ओळखेना; काही दिवसांत जमू लागलं. म्हणून अशा चाचपडणाऱ्या मुलाला कुणी मंद म्हणू नये. ते नजरेची मुळाक्षरं गिरवत असतं.