प्रशासकीय कारणास्तव

बाबांच्या पत्र्याच्या पेटीत जुन्या पगाराच्या स्लिपांखाली एक पिवळा पडलेला कागद सापडला. डिसेंबर 2002 चा बदलीचा आदेश. भोकरहून किनवटला. कारण दोनच शब्दांत दिलेलं : ‘प्रशासकीय कारणास्तव’.

बाबा कारकून. भोकरला येऊन त्यांना जेमतेम चौदा महिने झाले होते. मी पहिलीत होतो. आई आणि मी भोकरलाच राहिलो. बाबा शनिवारी रात्री एसटीनं यायचे, सोमवारी पहाटे निघायचे. असं चार वर्षं चाललं.

‘कोर्टात का नाही गेलात?’ मी विचारलं.

‘नौकरी करायची का खेटे घालायचे?’

मी सॉफ्टवेअर लिहितो. आमच्याकडे साधी एक ओळ बदलली, तरी ती कुणी, कधी आणि का बदलली याची नोंद राहते. मग अख्ख्या घराची घडी बदलणाऱ्या कागदावर ‘का’ची जागा रिकामी कशी? ते शोधायला बसलो.

पहिला प्रश्न, जायचं कुठे? भोकरच्या माणसासाठी वरचं कोर्ट एकेकाळी हैदराबादला होतं. 1 नोव्हेंबर 1956 ला मराठवाडा द्विभाषिक मुंबई राज्यात आला. किनवट तालुकाही तेव्हाच आदिलाबाद जिल्ह्यातून इकडे आला. त्यानंतर दाद मागायची तर मुंबई गाठावी लागायची. औरंगाबादला (आजचं छत्रपती संभाजीनगर) उच्च न्यायालयाचं खंडपीठ सुरू झालं ते 1981 मध्ये. 1991 मध्ये खास राज्य सरकारी कर्मचाऱ्यांसाठी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, म्हणजे ‘मॅट’ आलं. त्याचंही एक खंडपीठ औरंगाबादला आहे.

म्हणजे 2002 मध्ये दार तसं जवळ होतं. पण आत गेल्यावर हाती काय लागलं असतं?

त्यासाठी 1993 चा एक निकाल वाचावा लागतो. एस. एल. अब्बास हे शिलाँगला केंद्र सरकारच्या वनस्पती सर्वेक्षण खात्यात नोकरीला होते. त्यांची बदली उत्तर प्रदेशातल्या (आता उत्तराखंडातल्या) पौडीला झाली. बायकोची नोकरी शिलाँगला, मुलं तिथेच शिकणारी. पती-पत्नीला शक्यतो एका ठिकाणी ठेवावं, अशा सरकारच्याच सूचना होत्या. गुवाहाटीच्या न्यायाधिकरणानं बदली रद्द केली. सर्वोच्च न्यायालयानं तो निकाल फिरवला. कुणाची बदली कुठे करायची, हे प्रशासनानं ठरवायचं. आकसानं केली असेल किंवा कायद्याची तरतूद मोडली असेल, तरच कोर्ट हात घालणार. आणि मार्गदर्शक सूचना म्हणजे कायदा नव्हे. त्यांच्या आधारे हक्क सांगता येत नाही.

आकस सिद्ध करणं तर महाकठीण. तमिळनाडूचे मुख्य सचिव रॉयप्पा यांनासुद्धा 1973 मध्ये ते जमलं नाही. मनमानी आणि समानता एकत्र नांदू शकत नाहीत, हे तत्त्व त्याच निकालानं दिलं. रॉयप्पा मात्र हरले. मुख्य सचिवाची ही गत, तर भोकरच्या कारकुनाचं काय?

महाराष्ट्रात चित्र बदललं ते बदल्यांच्या 2005 च्या कायद्यानं. तो 1 जुलै 2006 पासून लागू झाला. एका पदावर साधारण तीन वर्षं, क गटातल्या मंत्रालयाबाहेरच्या कर्मचाऱ्याला एका कार्यालयात दोन पदावधी, म्हणजे सहा वर्षं. बदल्या एरवी एप्रिल-मे महिन्यांतच. मुदतीआधी हलवायचं असेल, तर कलम 4(5) : विशेष कारण लेखी नोंदवा आणि वरच्या अधिकाऱ्याची आधी मंजुरी घ्या.

यातली गंमत बघा. जी गोष्ट पूर्वी नुसती ‘सूचना’ असायची, ती आता कायद्याची तरतूद झाली. अब्बास निकालानं जेवढी फट ठेवली होती, तिथूनच महाराष्ट्रातला कर्मचारी आत शिरला. मॅटमधली लढाई आता बऱ्याचदा एकाच गोष्टीवर होते : फाईल दाखवा, त्यात कारण लिहिलंय का? 2008 मध्ये सोमेश तिवारी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं आणखी एक पाऊल टाकलं. निनावी तक्रारीवरून भोपाळहून शिलाँगला केलेली बदली म्हणजे बदलीच्या नावाखाली दिलेली शिक्षाच, आणि ती बेकायदा.

याचा अर्थ हवं तिथं राहण्याचा हक्क मिळाला, असं नाही. तो कुणालाच नाही. अर्ज दाखल होऊन स्थगिती मिळेपर्यंत ऑफिस एकतर्फी कार्यमुक्त करून मोकळं होतं, मग धावाधाव. आणि ‘विशेष कारण’ही टाईप करणाऱ्याला टाईप करता येतंच.

जिल्हा परिषदेच्या शिक्षकांची वाट तर वेगळीच. ते मॅटमध्ये नाही, उच्च न्यायालयात जातात. 27 फेब्रुवारी 2017 च्या शासन निर्णयानं त्यांच्या बदल्या कॉम्प्युटरवर आल्या. शिफारशीच्या चिठ्ठ्या गेल्या. पण वरच्यानं जागा मागितली की खालचा उठला. शिक्षकांनी त्याला नावही चपखल दिलं : ‘खो’. त्यावरही याचिका झाल्या. पण एक फरक मला महत्त्वाचा वाटतो. तिथे निदान नियम छापील होता आणि भांडण त्या नियमाशी होतं. बाबांच्या आदेशात भांडायला समोर काहीच नव्हतं.

परवा मी बाबांना मोबाईलवर कलम 4(5) वाचून दाखवलं. त्यांनी ते दोनदा वाचायला लावलं.

‘तवा हा कायदा असता, तर काय कारण लिहिलं असतं त्यांनी?’ मी विचारलं.

बाबा थोडा वेळ गप्प बसले. मग म्हणाले, ‘माझ्या खुर्चीवर कोणाला बसवायचं होतं, ते अख्ख्या ऑफिसला माहीत होतं. कागदावर लिहायची सोय नव्हती, एवढंच.’