जलशाची परंपरा आणि रॅप : हरेगावच्या निमित्ताने

श्रीरामपूर तालुक्यातील हरेगाव बाहेरच्या माणसाला दोन कारणांनी ठाऊक असते. एक म्हणजे बेलापूर कंपनीचा जुना साखर कारखाना आणि दुसरे मतमाउलीची यात्रा. आंबेडकरी समाजाला ते तिसऱ्याच कारणाने ठाऊक असावयास हवे. डिसेंबर १९३९ मध्ये येथे महार, मांग व वेठिया वतनदारांची परिषद भरली आणि डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी तिला मार्गदर्शन केले. भंडारदऱ्याचे पाणी प्रवरेच्या कालव्यांतून या मुलखात येऊन उसाची शेती उभी राहिली होती. परंतु त्याच पाण्याच्या काठी राहणारा वतनदार महार अद्याप रात्रंदिवस गावकी करीत होता. बाबासाहेबांनी वतन कायद्यात दुरुस्ती करणारे विधेयक मुंबई विधिमंडळात १९२८ साली मांडले होते. ही कनिष्ठ ग्रामवतने कायद्याने नष्ट झाली ती १९५८ मध्ये. मधली तीस वर्षे समाजाने कशाच्या बळावर काढली, हा इतिहासाच्या अभ्यासकाने विचारावयाचा प्रश्न आहे.

सभा, परिषदा, वृत्तपत्रे हे त्याचे एक उत्तर. परंतु ज्या समाजाला अक्षर नाकारले गेले होते, त्याच्यापर्यंत वृत्तपत्र कोठवर पोहोचणार? तेथे जलसा पोहोचला. सत्यशोधक जलशाचा वारसा घेऊन नाशिकच्या भीमराव कर्डकांनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी आंबेडकरी जलसा गावोगाव नेला. तमाशाचा साचा लोकांच्या परिचयाचा होता. त्यांनी तो आतून बदलला. गणातील देवाचे नमन गेले, गवळणीतील कृष्णलीला गेली आणि वगात गावकी, मेलेले ढोर ओढणे, मुलांची शाळा हे विषय आले. ज्याला पाटलाच्या वाड्यासमोर मान वर करता येत नव्हती, त्याने कंदिलाच्या उजेडात आपलेच जिणे रंगमंचावर पाहिले आणि तो त्यावर हसला. त्या हसण्याचे मोल फार मोठे आहे. आपल्या दुःखाला कारण आहे आणि ते कारण माणसाने निर्माण केलेले आहे, हे कळल्याशिवाय माणूस असा हसत नाही. कारण आहे म्हणजे निरोधही आहे. तथागतांनी दुसऱ्या व तिसऱ्या आर्यसत्यात हेच सांगितले. जलशातील आशा ही या जातीची होती. पूर्वजन्माच्या कर्माचा दिलासा तिला नको होता.

श्रीरामपूरहून फार दूर नसलेल्या सिन्नर तालुक्यातील देशवंडी येथे १९२२ मध्ये जन्मलेले वामनदादा कर्डक या परंपरेचे पुढचे टोक होत. ते मोठेपणी मुंबईत लिहावयास-वाचावयास शिकले आणि २००४ मध्ये निधन होईपर्यंत गात राहिले. उशिरा अक्षर शिकलेल्या या माणसाच्या रचना पुढे विद्यापीठीय संशोधनाचा विषय झाल्या.

आता समुद्रापलीकडे पाहू. न्यूयॉर्कमधील ब्राँक्स या कृष्णवर्णीयांच्या व स्थलांतरितांच्या वस्तीत ११ ऑगस्ट १९७३ रोजी कूल हर्क या जमैकन तरुणाने एका घरगुती मेळाव्यात तबकड्या वाजविल्या. हिप-हॉपचा आरंभ त्या दिवसापासून मानतात. वाद्ये विकत घेण्याची ऐपत नव्हती, तेव्हा तबकडी हेच वाद्य झाले. त्या तालावर शब्द टाकीत बोलणे म्हणजे रॅप. ‘मी अमुक, माझी वस्ती अमुक’ असे नाव घेऊन उभे राहणे हा त्याचा गाभा. जलसाकारही शेवटच्या कडव्यात आपले नाव गुंफीत असे. दोन्ही प्रवाहांनी एकमेकांना पाहिले नव्हते, तरी त्यांचे हे साम्य आकस्मिक म्हणता येणार नाही.

भारतात हे माध्यम आपल्या तरुणांनी चटकन ओळखले. चेन्नईतील ‘द कास्टलेस कलेक्टिव्ह’ हा गायकवृंद २०१८ मध्ये रंगमंचावर आला. त्याचे नाव पंडित अयोथी दास यांच्या ‘जातिभेदरहित तमिळ’ या संकल्पनेवरून घेतलेले आहे. मद्रासमध्ये १८९८ साली शाक्य बौद्ध संघ स्थापन करणारे ते हेच, म्हणून बौद्ध वाचकाने ही गोष्ट विशेष ध्यानात घ्यावी. महाराष्ट्रात अमरावतीचे विपिन तातड आणि ‘१०० आरबीएच’ या नावाने गाणारे सौरभ अभ्यंकर यांच्या रॅपमध्ये जात आणि वस्ती उघडपणे बोलते.

या गाण्यांकडे करमणूक म्हणून पाहणाऱ्यांनी नगर जिल्ह्याची अलीकडची नोंद वाचावी. मे २०१५ मध्ये शिर्डी येथे एका दलित तरुणाचा निर्घृण खून झाला. वादाचे निमित्त होते त्याच्या मोबाइलवर वाजलेले बाबासाहेबांवरील गीत. जे गीत ऐकून एकाला बळ येते, ते दुसऱ्याला असह्य होते, कारण त्यातील अर्थ दोघांनाही पुरता कळलेला असतो.

विहारांतील काही ज्येष्ठ उपासकांचा आक्षेप असा की, हा गोंगाट धम्माला शोभत नाही. अंगुत्तर निकायात लांबविलेल्या गायनस्वरात धम्म म्हणण्याचे पाच दोष सांगितले आहेत आणि उपोसथाच्या शीलात नृत्य-गीत वर्ज्य आहे, हे खरे. परंतु तो उपदेश भिक्षूंना आहे आणि ते शील उपोसथ पाळणाऱ्यास आहे. दीघ निकायातील सक्कपञ्ह सुत्तात पंचशिखाच्या वीणेचा स्वर आणि त्याचे गीत एकमेकांशी जुळतात, अशी प्रशंसा स्वतः भगवंतांनी केली आहे. माझा आक्षेप निराळा आहे. रॅपमध्ये पैशाची बढाई आणि स्त्रियांविषयीचा तुच्छभाव पुष्कळदा येतो. तेथे सम्यक वाचेची कसोटी लावलीच पाहिजे. मागे बाबासाहेबांची तसबीर लावली म्हणून असे गाणे आपले होत नाही.

ऑगस्ट २०२३ मध्ये याच हरेगावात, शेळी व कबुतरे चोरल्याच्या संशयावरून चार दलित तरुणांना झाडाला उलटे टांगून मारहाण करण्यात आली. मारणाऱ्यांनी त्याचे मोबाइलवर चित्रणही केले आणि ते सर्वत्र पसरले. परिषदेला तेव्हा चौऱ्याऐंशी वर्षे होत आली होती. येत्या डिसेंबरात त्या परिषदेचे स्मरण करताना भाषणांतील अर्धा तास कमी करून तो तालुक्यातील रॅप करणाऱ्या मुलामुलींना द्यावा आणि त्यांच्या आधी त्याच व्यासपीठावर जुन्या जलशातील एक वग व्हावा, अशी सूचना मी येथील विहारांच्या विश्वस्तांना करू इच्छितो.