तराफ्यावरचा निवेदक

इतिहासपटातला निवेदक सहसा घटनेनंतर येतो. भग्न तटबंदीसमोर उभा राहून तो जे सांगतो ते त्याने पाहिलेले नसते, आणि हे प्रेक्षकालाही ठाऊक असते. नॉर्वेच्या थोर हेयरडालच्या 'कोन-टिकी' (१९५०) या माहितीपटात हे अंतरच उरत नाही. पडद्यावरचा प्रवासी तोच, आवाज त्याचा आणि सिद्ध करायचा सिद्धान्तही त्याचाच. साक्षीदार, वकील आणि निवेदक असे तिघे एकाच देहात!

पॉलिनेशियात पहिली वस्ती दक्षिण अमेरिकेतून आलेल्यांनी केली, असे हेयरडालचे म्हणणे. २८ एप्रिल १९४७ रोजी पाच सोबत्यांसह त्याने पेरूचे कायाओ बंदर सोडले. बाल्साच्या ओंडक्यांचा तराफा १०१ दिवसांनी, सुमारे ६,९०० किलोमीटरवरील रारोइआच्या प्रवाळखडकावर आदळला. माहितीपटाला पुढे ऑस्करही मिळाले.

आंद्रे बाझँ या फ्रेंच समीक्षकाने या चित्रपटाच्या उणिवांतच त्याचे सामर्थ्य पाहिले. संकट ऐन भरात असताना कॅमेरा धरायला हात मोकळे नसतात. म्हणूनच जे चित्रित झाले नाही तेही खरे वाटते. हे मान्यच आहे. पण ही सत्यता प्रवासाची. ती सिद्धान्ताच्या खात्यावर केव्हा जमा होते, ते प्रेक्षकाला कळतही नाही.

इथे 'काम्पेन ओम टुंगटवान्ने' (१९४८) आठवतो. जर्मनांच्या ताब्यातील जड पाण्याच्या नॉर्वेजियन कारखान्यावरील घातपाताच्या या चित्रपटात त्या मोहिमेतल्या काहींनी स्वतःच्याच भूमिका केल्या. (त्या मोहिमेतला रेडिओचालक क्नुट हाउगलान पुढे हेयरडालच्या तराफ्यावरही होता.) ते स्वतःचा भूतकाळ पुन्हा जगत होते, हेयरडाल मात्र दुसऱ्यांचा, तोही कल्पिलेला. आत्मचरित्रातला 'मी' आणि ऐतिहासिक कादंबरीतला 'मी' यांना आपण वर्गात एकाच मापाने मोजत नाही. पडद्यासमोर मात्र हे भान सुटते.

शिवाय सुरुवातीला हा तराफा दुसऱ्या जहाजाने किनाऱ्यापासून दूर ओढून नेला होता. प्राचीन दर्यावर्दींना ही सोय कुठली?

भाषाशास्त्र आणि पुरातत्त्व पॉलिनेशियनांचे मूळ पश्चिमेकडे, आशियाच्या दिशेने दाखवतात. तरी रताळे हे दक्षिण अमेरिकेचे पीक युरोपीय येण्यापूर्वीच तिथे पोचले होते. आणि २०२० साली प्रसिद्ध झालेल्या जनुकीय अभ्यासात इ. स. १२०० च्या सुमारास दोन्ही लोकांचा संकर झाल्याच्या खुणा सापडल्या. संपर्क घडला होता खरा. कोण कोणाकडे गेले, हे मात्र त्या खुणांवरून ठरत नाही.