पैठण ते तेर : शंखाची वाट

बीड शहरापासून कोकणचा किनारा सरळ रेषेत सुमारे ३०० किलोमीटर दूर आहे. तरीही या जिल्ह्यातील देवघरांत कलश आणि घंटेसोबत ज्या शुभ्र शंखाची पूजा होते, तो समुद्राच्या तळाशी शिकार करून जगणाऱ्या एका गोगलगायीचे कवच असतो. प्राणिशास्त्रात तिला ‘टर्बिनेला पायरम’ असे नाव आहे. पूजेतील या वस्तूचा इतिहास पाहू गेल्यास तो केवळ धर्माचा इतिहास राहत नाही, तर दख्खनच्या पठाराला समुद्राशी जोडणाऱ्या व्यापारी वाटांचा इतिहास ठरतो.

ही गोगलगाय मृदुकाय, म्हणजे मऊ व अस्थिहीन शरीराच्या, प्राण्यांच्या वर्गातील असून ती उथळ समुद्राच्या वाळूत राहते आणि लांब सोंड वाळूत खुपसून तेथील कृमी खाते. जिवंतपणी तिच्या कवचावर तपकिरी साल असते व ती खरवडून काढल्यावरच आतील पांढरा शंख दिसू लागतो. तिची पिल्ले अंड्यांच्या कोशातून थेट तळावर उतरतात आणि प्रवाहाबरोबर दूर वाहून जात नाहीत. त्यामुळे ही जात मुख्यतः भारत व श्रीलंका यांच्या भोवतालच्या समुद्रापुरतीच राहिली आहे. काठेवाडचा ओखामंडल, कच्छचे आखात आणि तमिळनाडूलगतचे मन्नारचे आखात ही तिची प्रसिद्ध क्षेत्रे होत. यांपैकी ओखामंडल बीडपासून सरळ रेषेत सुमारे ८०० किलोमीटर, तर मन्नारचे आखात हजार किलोमीटरहून अधिक दूर असल्याने येथे आलेला शंख हा दूरच्या दळणवळणाचाच पुरावा मानावा लागतो.

या दळणवळणाचे स्वरूप इसवी सनाच्या पहिल्या शतकातील ‘पेरिप्लस’ या ग्रीक प्रवासग्रंथातून कळते. बॅरिगाझा, म्हणजे भडोच, या बंदरापासून दक्षिणेस वीस दिवसांच्या वाटेवर पैठण आणि तेथून पूर्वेस दहा दिवसांच्या वाटेवर तगर, म्हणजे आजच्या धाराशिव जिल्ह्यातील तेर, असे अंतर त्यात दिले असून, समुद्रकाठच्या प्रदेशांतून तगरला आलेला मालही पुढे गाड्यांवरून भडोचकडे जात असे, अशी नोंद आहे. नकाशावर पैठण आणि तेर यांना जोडणारी सरळ रेषा बीड शहराच्या अगदी जवळून जाते. प्राचीन वाट नद्यांचे उतार आणि बालाघाटातील घाट पाहून वळणे घेत असणारच. परंतु या दोन नगरांमधील वाहतुकीला आजच्या बीड जिल्ह्याचा प्रदेश ओलांडावा लागत होता, हे त्या रेषेवरून स्पष्ट होते.

त्या काळी शंख केवळ फुंकण्यासाठी नव्हता, तो अंगावर ल्यायलाही जात असे. तेर, नेवासे आणि भोकरदन येथील उत्खननांत सातवाहनकालीन वस्त्यांमधून शंखाच्या बांगड्यांचे तुकडे मिळाले आहेत. शंख करवतीने आडवा चिरून त्याची कडी काढायची, मधला पिळदार खांब फोडून वेगळा करायचा आणि कड्याच्या कडा दगडावर घासून गुळगुळीत करायच्या, अशी ही कारागिरी होती. एका शंखातून अशी मोजकीच कडी निघत, म्हणून हा दागिना मोलाचा असे.

पुढे काचेने शंखाची जागा घेतली. काचेच्या बांगड्या सातवाहनकाळातही होत्या. परंतु बहमनी काळात रंगीबेरंगी काचेचे प्रमाण फार वाढले आणि महाराष्ट्रात हिरवा चुडा हेच सौभाग्याचे लेणे ठरले. बंगालमध्ये मात्र विवाहित स्त्रीच्या हाती शंखाची पांढरी बांगडी आजही टिकून आहे. एकाच समुद्री जीवाचे कवच एका प्रांतात हातातच राहिले आणि दुसऱ्या प्रांतात हातातून उतरून देवघरात स्थिरावले.

देवघरातील आणि देवळातील स्थान मात्र अढळ राहिले. विष्णूच्या चोवीस रूपांची ओळख शंख, चक्र, गदा आणि पद्म कोणत्या हातात आहे यावरून पटते व त्या रूपांत पुरुषोत्तमाचाही समावेश आहे. माजलगाव तालुक्यात गोदावरीकाठी असलेले पुरुषोत्तमपुरी हे त्याच देवतेचे क्षेत्र असून अधिक महिन्यात तेथे यात्रा भरते. यादव राजा रामचंद्र याच्या काळातील शके १२३२, म्हणजे इ. स. १३१०, चा ताम्रपट या गावाच्या नावाने प्रसिद्ध आहे. नित्यपूजेत शंखात भरलेले पाणी पूजासाहित्यावर शिंपडतात. शिवलिंगावर मात्र शंखाने पाणी घालत नाहीत. फुंकण्याच्या शंखाचा शेंडा कापलेला असतो, तर पूजेचा शंख अखंड ठेवतात. नेहमी आढळणाऱ्या शंखाला परंपरेत वामावर्ती आणि उलट पिळाच्या दुर्मीळ शंखाला दक्षिणावर्ती म्हणतात.

गावोगावच्या पांढरीत, म्हणजे जुन्या वस्तीच्या पांढऱ्या मातीच्या टेकाडात, खापरांसोबत शंखाच्या बांगडीचा एखादा तुकडा सापडू शकतो. असा तुकडा क्षुल्लक समजून फेकू नये, तो कोठे मिळाला याची नोंद करून पुरातत्त्व खात्याला कळवावे. कारण समुद्र आणि मराठवाडा यांमधील दोन हजार वर्षांपूर्वीच्या व्यापाराची साक्ष त्या तुकड्याइतकी स्पष्टपणे देणाऱ्या वस्तू फार थोड्या आहेत.